कावळ्याला कबूल केलेलं चिकन

हे गेले त्याच्या दहाव्या दिवशी माझे धाकटे दीर रामकुंडावरून परत आले आणि पायांवर पाणी घ्यायच्या आधीच दारातून म्हणाले, "वहिनी, कावळा लय वेळ शिवंना."

मी भिंतीला टेकून बसले होते. आमच्यात बायका घाटावर जात नाहीत, त्यामुळे पिंड, गुरुजी, कावळे यातलं मी काही पाहिलं नाही. दीर लासलगावला एका कांद्याच्या व्यापाऱ्याकडे कामाला होते. लिलावात ओरडून ओरडून त्यांचा आवाज कायमचा बसला होता. त्या बसलेल्या आवाजात त्यांनी सगळं सांगितलं. पिंड ठेवले, माणसं मागे सरली, कावळे झाडावर बसून नुसते बघत राहिले. मग नेहमीप्रमाणे एकेकाने शब्द द्यायला सुरुवात केली. पोरांची शिक्षणं करू. वहिनीला वाऱ्यावर सोडणार नाही. गावाकडचं रान विकणार नाही. एकही कावळा खाली उतरला नाही.

"मंग मी म्हणलो, दादा, तुझ्या पोरांना दर ऐतवारी हिरवं चिकन मिळंल. तू करायचा तसंच. वहिनी करंल. असं म्हणलो नाय तर भसकन आला अन् घास घेऊन गेला."

खोलीतल्या बायका हमसून रडू लागल्या. मी रडले नाही. मला एवढंच सुचलं, की वहिनी चिकन खात नाही हेही कोणीतरी त्या कावळ्याला सांगायला हवं होतं.

माझं माहेर माळकरी. आमच्या घरात अंडंसुद्धा कधी आलं नाही. सासर खाणारं. लग्न ठरतानाच तडजोड झाली होती: हे खातील, मी खाणार नाही, कोणी कोणाला शहाणपण शिकवायचं नाही. ह्यांच्या नोकरीमुळे आम्हाला एकलहऱ्याच्या वीज केंद्राच्या कॉलनीत क्वार्टर मिळालं तेव्हा ह्यांनी मागच्या अंगणात पत्र्याचा आडोसा केला. त्यात एक वातीचा स्टोव्ह आणि एक ॲल्युमिनियमचं पातेलं ठेवलं. रविवारी बनियनवर उकिडवे बसून ते स्वतः चिकन करायचे. ते पातेलं कधी स्वयंपाकघरात आलं नाही आणि मी कधी आडोशात गेले नाही.

माझ्याकडे फक्त हिरवं काम असायचं. कोथिंबीर, पुदिना, आणि मागच्या पायरीशी तेलाच्या डब्यात लावलेल्या पानओव्याची दोन-चार जाड पानं. कॉलनीत सगळ्यावर केंद्राच्या धुराड्यांची बारीक राख बसायची, पुदिन्याच्या सुरकुत्यांत तर हमखास. तीन-चार पाण्यांतून काढल्याशिवाय ती जायची नाही. सगळं निवडून, मिरच्या-लसूण-आल्याबरोबर मिक्सरमधून काढून मी वाटी मागच्या उंबरठ्यावर ठेवायची. हे पलीकडून उचलायचे. पुढे काय करायचे ते मला माहीत नव्हतं. कधी विचारलंही नाही. गावाकडे असं चिकन कोणी करत नसे, ती सगळी ह्यांचीच डोकॅलिटी. अर्धी कृती माझ्याकडे आणि अर्धी ह्यांच्याकडे. संसारात असं बरंच असतं.

झालं की हे उंबरठ्यापाशी येऊन हाक मारायचे आणि मसाल्याने माखलेला उजवा हात अंगापासून लांब धरून उभे राहायचे. हात धुतल्याशिवाय मला शिवायचं नाही, हा नियम त्यांनीच स्वतःला घालून घेतला होता. मी तो कधी सांगितला नव्हता आणि कधी मोडायलाही लावला नाही. "तुझ्या पुदिन्याने बाजी मारली आज," असं काहीतरी म्हणायचे आणि पोरांना घेऊन मागच्या पायरीवर जेवायला बसायचे.

एका संध्याकाळी छातीत दुखतंय म्हणाले आणि रिक्षा येईपर्यंत संपलं. थोरली चौथीत होती, धाकटा तीन वर्षांचा.

मला रडू आलं नाही याची शेजारणींना माझ्यापेक्षा जास्त काळजी होती. त्या ह्यांचा शर्ट माझ्या मांडीवर आणून ठेवायच्या. "रडवा तिला, नाहीतर छातीत बसंल," असं एकमेकींना सांगायच्या. मी शर्टाची घडी घालायची. काही होतच नव्हतं. दाढेला इंजेक्शन दिल्यावर गाल आपला असून आपला नसतो, तसं सगळं अंग झालं होतं.

तेराव्यानंतरच्या पहिल्याच रविवारी दीर कांद्याची गोणी घेऊन सकाळी हजर. शब्द त्यांनी दिलेला, हात माझे लागणार होते, आणि ते बघायला मात्र स्वतः आले. मला त्यांचा राग यायला हवा होता. मी पिशवी घेऊन चिकनच्या दुकानात गेले. दुकानदाराने विचारलं, "ताई, करी कट का मोठे पीस?" मी म्हटलं, "हे न्यायचे तसे." त्याने माझ्या कपाळाकडे पाहिलं आणि पुढे काही न विचारता तोडून दिलं.

आडोशात मी पहिल्यांदा त्या दिवशी गेले. पातेलं पालथं होतं तसंच होतं. कच्च्या चिकनला हात लावला. गार आणि निसरडं. किळस यायला हवी होती, तीही आली नाही. माहेरी कोणी पाहिलं असतं तर डोक्याला हात लावला असता. मी भाजीला करते तसं केलं. फोडणी, वाटण, चिकन, आणि वर तांब्याभर पाणी. मीठ अंदाजाने घातलं, कारण चाखणार कोण?

थोरलीने घास घेतला. दीर तिच्या तोंडाकडे बघत होते, मीही बघत होते.

"पप्पांसारखं झालंय का?" मी विचारलं.

"नाही," ती म्हणाली. "पप्पांच्यात पाणी नसायचं."

दीर ताट चाटूनपुसून जेवले आणि जेवता जेवता रडले. "अगदी दादाच्या हातचं," म्हणाले. त्यांच्या मताला अर्थ नव्हता. तिखट असलं की त्यांना सगळं दादाच्या हातचं. मला कळून चुकलं की ह्यांची चव आता जगात एकाच ठिकाणी शिल्लक आहे, नऊ वर्षांच्या पोरीच्या जिभेवर. धाकट्याला तर काही कळायचं वयच नव्हतं.

मग दर रविवार तसाच. ह्यांच्या जागी मला ऑफिसात लावून घेतलं होतं, आठवडाभर मी फायली इकडच्या तिकडे करायची. घरी येऊन पोळ्या लाटायची, झोपायची. त्या वर्षांतलं मला बाकी फारसं आठवत नाही. कोणी विचारलं की बरं आहे म्हणायची, आणि ते खोटंही नसायचं. वाईट असं काही वाटतच नव्हतं. रविवार मात्र आठवतात, कारण रविवारी मला काहीतरी हवं असायचं. थोरलीने हो म्हणावं एवढंच मला हवं असायचं.

ती लबाडी करायची नाही. पाणी काढून टाकलं तर म्हणाली, "आता सुकं झालंय, पण मसाला आत गेलाच नाही." मी विचार करत बसले. हे वाटी नेली की पातेल्यावर ताट झाकून पायरीवर पेपर वाचत बसायचे, तेवढं मला आतून दिसायचं. मला ते आळशीपणाचं वाटायचं. "आधी ते उरका की," असं मी स्वयंपाकघरातून ओरडायची. तो आळशीपणा नव्हता, कृती होती. पुढच्या रविवारी मी चिकनला वाटण चोळून ताट झाकलं आणि पायरीवर पेपर घेऊन बसले. एक ओळ वाचली नाही, पण तेवढा वेळ बसले. थोरली म्हणाली, "हं, आता थोडं आलं."

"थोडं म्हणजे?"

"पप्पांचं आंबटपण होतं."

मी लिंबू पिळलं. लिंबाचं नाही, म्हणाली. चिंच घातली तर तोंड वाकडं केलं. दही घातल्यावर डोळे मिटून चावत राहिली आणि म्हणाली, "जवळ आलं. पुदिना अजून पाहिजे." मी पुदिना वाढवला. ह्यांनी उंबरठ्यापलीकडे त्या वाटीत काय मिसळलं ते मी असं एकेक घास करून परत मिळवत होते, आणि एकही घास माझा नव्हता. मग एका रविवारी, ती सहावीत असेल, तिने मान डोलावली. "हो. असंच."

मी पातेल्यावर झाकण ठेवलं आणि आत गेले. आनंद झाला असं म्हणता येणार नाही. एक काम नीट पार पडलं एवढंच वाटलं. त्या दिवसापासून मी काही बदललं नाही. तेवढीच कोथिंबीर, तेवढाच पुदिना, तेवढंच दही. आणि दर रविवारी विचारायचं, "पप्पांसारखं झालंय का?" आणि थोरलीने म्हणायचं, "हो."

वर्षं गेली. क्वार्टर सोडून आम्ही नाशिकरोडला दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये आलो. आडोसा गेला. मी तेच पातेलं गॅलरीत ठेवलं, तिथेच छोटी शेगडी ठेवली, पानओवा कुंडीत लावला. धाकटा कॉलेजला जाऊ लागला. त्याचे मित्र रविवारी नेमके बाराच्या सुमाराला उगवायचे. तो त्यांना दारातूनच सांगायचा, "या, मम्मीचं हिरवं आहे." मी त्याला दर वेळी टोकायची, "मम्मीचं नाही, पप्पांचं." तो म्हणायचा, "तेच ते."

थोरली पुण्याला नोकरीला लागली. दिवाळीनंतरच्या एका रविवारी ती घरी आली होती. धाकटा बाहेर गेला होता. ती गॅलरीत पाटावर बसून जेवत होती आणि मी शेजारी कुंडीतली पिवळी पानं काढत होते. सवयीने विचारलं, "पप्पांसारखं झालंय का?"

ती लगेच हो म्हणाली नाही. हातातला तुकडा ताटात ठेवला.

"मम्मी, खरं सांगू? रागवू नको."

"काय झालं? मीठ राहिलं का?"

"पप्पांच्या हातचं कसं लागायचं ते मला आठवतच नाही गं. पप्पा आठवतात. स्टोव्हपाशी बसलेले, बनियनवर. चव नाही आठवत. कधीचीच."

"मग लिंबाचं नाही, पुदिना वाढव, हे सांगायचीस ते?"

"तेव्हा आठवत होतं. नंतर कधी गेलं ते मलाही कळलं नाही. सातवी-आठवीत असेन. तू विचारायचीस आणि माझ्या तोंडाकडे बघत राहायचीस. मी काय म्हणणार? मागच्या रविवारसारखं झालं असलं की हो म्हणायचे."

मागच्या रविवारसारखं. मी हातातली पिवळी पानं कुंडीतच टाकली. एवढे रविवार मी समजत होते की ह्यांची चव सांभाळते आहे. आणि दर रविवारी मीच माझ्या हातची चव तिच्या जिभेवर ठेवत गेले, जिथे ह्यांची होती त्याच जागेवर. आता बरोबर झालंय की नाही हे सांगू शकणारं माणूस एकच, आणि ते या जगात नव्हतं. हे नाहीत, ही गोष्ट मला घाटावरच्या कावळ्याने सांगितली नाही, ह्यांच्या शर्टाने सांगितली नाही. त्या दिवशी गॅलरीत कळलं.

मला राग आला. दिरांचा आला, त्या कावळ्याचा आला, पण सगळ्यात जास्त ह्यांचा आला. एकदा, एका रविवारी, वाटी उचलताना सांगता आलं नसतं का, की बघ, मी यात हे घालतो? आणि मला तरी विचारता आलं नसतं का? उंबरठा तो केवढा, वीतभर. माझ्या घशातून कसला तरी आवाज आला, आणि तो रडण्याचा आहे हे कळायला मला थोडा वेळ लागला. शेजारणी ज्याची वाट बघत होत्या ते एवढ्या वर्षांनी आलं, आणि थांबता थांबेना.

थोरली घाबरून उठली. "मम्मी, सॉरी, सॉरी, मी बोलायला नको होतं," म्हणत माझ्याजवळ आली आणि मध्येच थांबली. उजवा हात मसाल्याने माखलेला होता. तिने तो अंगापासून लांब धरला, कोपरात वाकवून, बोटं पसरून, मला लागू नये म्हणून. तिला हे कोणी शिकवलं नव्हतं. तिच्या जिभेवरचं सगळं गेलं होतं आणि हे राहिलं होतं.

"थांब हं, हात धुऊन येते," ती म्हणाली.

"नको," मी म्हटलं, आणि तिचा तो हात तसाच माझ्या दोन्ही हातांत धरला. त्याला दह्याचा आणि पुदिन्याचा वास येत होता.