न धुतलेला कोबी

मीठ लावलेल्या कोबीचा वास आला की मला इंदूरजवळच्या राऊ गावातली ती दुपार आठवते. मी नाशिकहून इंदूरला थोरल्या नणंदेकडे चार दिवस गेले होते. लग्नानंतरच्या पहिल्या सणाला तिने भरल्या पंगतीत माझी पुरणपोळी उचलून धरली होती आणि "ही पोळी आहे की चामडं?" असं विचारलं होतं. ते मी विसरले नव्हते. राऊला एक कोरियन बाई घरीच किमची, म्हणजे कोबीचं तिखट लोणचं, करायला शिकवायची. नणंद मला तिथे घेऊन गेली आणि शिकायला आलेल्या सगळ्या बायकांसमोर म्हणाली, "मॅडमजी, इसको जरा ठीक से सिखाना." मिठातला कोबी तीनदा धुवा, असं बाईने सांगितलं तेव्हा नणंद फोनवर बोलत होती. तिने न धुताच मसाला चोळायला घेतला. मी पाहिलं आणि गप्प राहिले. शेवटी बाईने तिची किमची चाखली आणि तोंड धरून मोरीकडे धावली. सगळ्या बायका हसल्या. "अगं, तू बघत होतीस ना? बताना तो था!" नणंद कुजबुजली. मी म्हटलं, "मला वाटलं, ताई, तुमची काही खास पद्धत असेल." परतताना रिक्षात तिने डोळे पुसले, आणि मला आतून गार वाटलं. हल्ली ती फोनवर फार मायेने बोलते. मला वाईट वाटायला हवं, हे कळतं. पण अजून वाटत नाही.