मामांच्या वाडीचं स्थलांतर

कुठलीही गोष्ट तिच्या जागेवरून हलवू नये, आणि हलवायचीच वेळ आली तर मोजून, नोंद करून आणि चार पंचांसमक्ष हलवावी, असं मनापासून मानणारा या पृथ्वीवरचा शेवटचा माणूस म्हणजे माझे मामेसासरे. बायकोचा मामा हे नातं तसं लग्नापुरतं. मामाने भाचीच्या पाठीशी उभं राहायचं, पंगत उठली की आपल्या गावी जायचं. पण आमच्या लग्नात भटजींनी अंतरपाट हातात घेतला तेवढ्यात हे खिशातून टेप काढून पुढे आले, दोन पाटांमधलं अंतर मोजलं, आणि माझा पाट चार बोटं मागे सरकवायला लावला. 'जावईबापू, सुरुवातीलाच अतिक्रमण नको,' एवढंच म्हणाले आणि पुन्हा भाचीच्या मागे जाऊन उभे राहिले. भटजी त्या गोंधळात एक मंगलाष्टक विसरले.

उभी नोकरी त्यांनी जमीन मोजण्यात काढली. अलिबागपासून हरिहरेश्वरापर्यंत बांधावरून भांडणारे जितके भाऊ होते, त्या सगळ्यांच्या मधोमध हे साखळी घेऊन उभे राहिलेले. निवृत्त झाले, साखळी सरकारजमा केली, पण सवय घरी घेऊन आले. घरात एक जाड वही असते. कपाट खोलीच्या या भिंतीकडून त्या भिंतीकडे गेलं की वहीत नोंद होते: जुनी जागा, नवी जागा, हलवण्याचं कारण, हजर व्यक्ती. हजर व्यक्ती म्हणजे मामी, आणि त्यांची सही. जुनी नोंद खोडायची नाही, तिला फक्त कंस करायचा, हा जमिनीच्या कागदांचा नियम त्यांनी मिसळणाच्या डब्यालाही लावला होता. हिंग मोहरीच्या वाटीत गेला, तर मोहरीला कंस. 'लग्न झाल्यापासून या माणसाने मला न विचारता एकच गोष्ट हलवली,' मामी मला म्हणाल्या होत्या, 'ती म्हणजे मी. माहेराहून इथे. आणि त्याचीही नोंद आहे हो, हसताय काय! दाखवू?' त्यांनी खरंच दाखवली. कारणाच्या रकान्यात 'विवाह' लिहिलेलं होतं.

त्यांचं घर मुरूडच्या अलीकडे, समुद्रापासून इतकं जवळ की मिठाची बरणी आणि खिडकीचा गज सारख्याच वेगाने पाझरतात. घरामागे सुपारी-नारळाची वाडी. ही वाडी मामांच्या वडिलांनी लावलेली. पोफळीला माडाची सावली कुठून मिळेल, पाटाचं पाणी कुठल्या आळ्यातून कुठे जाईल, जायफळ कुणाच्या आडोशाला, असा सगळा हिशोब करून. मग ते वादळ आलं. सकाळी वाडी होती आणि दुपारी नव्हती. चार माड तेवढे उभे राहिले. बाकी सगळं मुळासकट आडवं, आणि ओंडके उचलून नेल्यावर जे उरलं ते नुसतं उघडं मैदान. आम्ही भेटायला गेलो तेव्हा मामा त्या मैदानात टेप घेऊन उभे होते आणि टेपचं टोक कुठे धरायचं ते त्यांना कळत नव्हतं. मोजणीच्या नकाशावर वाडीची हद्द होती, पण आतलं एकही झाड नव्हतं. 'दुसऱ्यांच्या जमिनी मोजत फिरलो हो,' म्हणाले, 'आपली झाडं कागदावर आणायची राहिली.' त्यांचा आवाज तसा मी पूर्वी कधी ऐकला नव्हता.

त्यांचं मन रमावं म्हणून दिवाळीत आमच्या लेकीने त्यांच्या कॉम्प्युटरवर शेतीचा एक खेळ घालून दिला. टोपीवाला एक शेतकरी, त्याची पडीक जमीन, एक गाय, आणि बाजारात माल विकून श्रीमंत व्हायचं. मामांनी अर्धा तास बघितलं आणि विचारलं, 'यात झाड कुठे लावायचं ते आपण ठरवायचं?' ती हो म्हणाली, आणि त्या क्षणापासून त्या खेळाचा खेळ संपला. मामांनी एक फळ विकलं नाही, गायीकडे ढुंकून बघितलं नाही. खेळातले गावकरी कुंपणाशी येऊन सलगम मागत, मामा त्यांना उभं करून ठेवत. टोपीवाल्याची पावलं हे त्यांचं माप. इतकी पावलं म्हणजे इतके हात, असं कोष्टक बसवून त्यांनी आठवणीतून आपली वाडी त्या जमिनीत लावायला घेतली. खेळात पोफळ नव्हती, तर बारक्या ताडाला पोफळ ठरवलं. जायफळाच्या जागी सफरचंद. दोनशे अकरा पोफळी, सदतीस माड, विहीर, पाट, मामींची कपडे वाळत घालायची दोरी. वर्षभर लागलं. आणि मग पडद्यावर बघायचं, वहीत उतरवायचं, मागच्या मैदानात खुंटी ठोकायची आणि खड्डा खणायचा, असा क्रम सुरू झाला. खड्डे खणायला येणारा गडी पन्नाशी उलटलेला, तो एकदा म्हणाला, 'मामा, हितं दगड लागतोय. वीतभर बाजूला घेऊ काय?' मामांनी पहार स्वतःच्या हातात घेतली. दगड निघायला दोन दिवस लागले, पण वीत हलली नाही.

हा उद्योग निम्म्यावर आला आणि कॉम्प्युटर म्हातारा झाला. खाऱ्या हवेने आतून गंज धरलेला. तापतो म्हणून त्याचं झाकण कायमचं काढलेलं, आणि चालू केला की पिठाची गिरणी सुरू झाल्यासारखा आवाज. आम्ही नवा नेऊन दिला. मी पेणला कॉलेजात शिकवतो, तेव्हा असली कामं मला येतात असा सासरी समज आहे. म्हटलं, 'मामा, पेन ड्राइव्हवर घेतो, दहा मिनिटांत इकडून तिकडे.' त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी जणू कुणाचा बांध कोरताना सापडलो होतो. 'दहा मिनिटांत? अहो, वाडी हलतेय!' फाइली कुठे असतात तेवढं त्यांनी माझ्याकडून शिकून घेतलं आणि मला ओटीवर बसवलं. काम आतून कडी लावून चाललं. दोन तासांनी बाहेर आले, हातात पेन ड्राइव्ह, गळ्यात वहीची पिशवी. मग नव्या कॉम्प्युटरची पूजा. मामींनी हळदकुंकू वाहिलं. वादळातून वाचलेल्या माडाचा नारळ मामांनी नव्या यंत्रासमोर दगडावर फोडला, आणि त्यातलं पाणी जाऊन पडलं ते खाली जमिनीवर उघड्या झाकणाने बसलेल्या जुन्यात. गिरणी एकदा कण्हली आणि बंद पडली. मामी म्हणाल्या, 'गेला बिचारा. पण पाणी मिळालं तोंडात.'

आम्ही हसलो. पाच मिनिटांनी कुणी हसत नव्हतं, कारण नव्या कॉम्प्युटरवर खेळ उघडला, पेन ड्राइव्हवरच्या फाइली मामांनी स्वतःच्या हाताने जागच्या जागी ठेवल्या, आणि पडद्यावर आला तो टोपीवाला, त्याची गाय, आणि पडीक जमीन. जुना खेळ एकही सापडत नाही, नवा सुरू करायचा का, असं यंत्र विचारत होतं. मी बंद केलं, उघडलं, पुन्हा बंद केलं. संध्याकाळी मामा ओटीवर कागद घेऊन बसले. मामींनी मला स्वयंपाकघरात बोलावलं आणि हळूच म्हणाल्या, 'उरलेली वाडी काढतायत आठवून. मघापासून तिसऱ्या रांगेवर अडलेत. पूर्वी झोपेत सांगितली असती हो. आताशा विसरतात, जावईबापू. म्हणून तर त्या खेळाचा एवढा ध्यास.' मी दारातून बघितलं. कागदावर दोन रांगा सरळ होत्या आणि तिसरी चार वेळा खोडलेली होती. त्या घरात खोडलेलं काही मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितलं, आणि मला फार वाईट वाटलं.

पण मामा हार मानणारे नव्हेत. सकाळच्या पहिल्या एसटीने अलिबाग. मेलेला डबा मामांच्या मांडीवर, नवा माझ्या मांडीवर, आणि मामी मधल्या सीटवर पेन ड्राइव्ह रुमालाच्या गाठीत बांधून. तिथल्या दुरुस्तीवाल्याने जुना डबा उघडला आणि नाक मुरडलं. 'काका, डिस्क पण भिजलीय. नाही होणार हे. पेन ड्राइव्ह द्या, बघतो ना, टेन्शन नका घेऊ.' त्याने तो लावला, पडद्यावरची नावं वाचली आणि आमच्याकडे वळला. '"वाडी उत्तर बाजू, विहिरीलगत"? "माड रांग, हद्दीपर्यंत"? ही नावं कोणी दिली?'

'मी,' मामा म्हणाले. 'आधी काहीतरी आकडे आणि इंग्रजी अक्षरं होती. वडिलांची वाडी, तिला असं नाव? म्हणून नेतानाच व्यवस्थित दप्तर लावलं.'

'अहो काका, खेळ ते जुनं नाव शोधतो! नाव बदललं की त्याला फाइल दिसतच नाही. आता जुनं नाव काय होतं ते कोणाला माहीत?' तो माझ्याकडे बघून मान हलवू लागला.

तेव्हा मामांच्या चेहऱ्यावर जो भाव आला तो मी जन्मभर विसरणार नाही. निवृत्त माणसाच्या चेहऱ्यावर अचानक पूर्ण पगारी हुद्दा आला. 'नोंद केल्याशिवाय मी नाव बदलीन?' त्यांनी पिशवीतून वही काढली. तिथे प्रत्येक फाइलचं जुनं नाव अक्षर न् अक्षर उतरवलेलं होतं, कंसात. त्याखाली नवं नाव, कारण, आणि हजर व्यक्ती म्हणून मामींची सही, जी त्यांनी खिडकीच्या गजांमधून केली होती, कारण दाराला कडी होती. मामा एकेक अक्षर वाचू लागले, दुरुस्तीवाला एकेक टाइप करू लागला. 'ओ नव्हे, शून्य. नीट बघा. घाईने हद्द चुकते.' गिऱ्हाइकं खोळंबली होती, तीही ऐकत उभी राहिली.

आणि वाडी आली. विहीर, पाट, पोफळी, दोरी, सगळं. मामा खुर्चीत पुढे सरकले आणि तिसरी रांग मोजायला लागले. तेवढ्यात पडद्यावरचं आभाळ काळं झालं. झाडं एका बाजूला वाकली, स्पीकरमधून वारा घुमायला लागला. आम्ही झाडांच्या फाइली आणल्या होत्या, पण खेळाच्या सेटिंगची फाइल वेगळी, ती कुणी आणलीच नव्हती. जुन्या यंत्रावर मामांनी पहिल्याच दिवशी हवामान बंद केलेलं. नव्याला ते ठाऊक नव्हतं. मामांनी खुर्ची मागे सरकवली. 'बंद करा,' ते म्हणाले, 'बंद करा, बंद करा.' दुरुस्तीवाला कुठलं बटण ते शोधतोय तोवर मामी उठल्या आणि त्यांनी भिंतीतली एक्स्टेन्शनची पिनच उपटून काढली. दुकानातले दोन पंखेही थांबले. मामींनी मामांच्या पाठीवर हात ठेवला होता, आणि भर दुकानात तसं करताना मी त्यांना पहिल्यांदाच बघत होतो.

नंतर सगळं रीतसर झालं. हवामान बंद. माउसचा बाण सावकाश, कारण मोजणीत घाई नको. मामांच्या डाव्या हाताचं एक बोट नोकरीत हद्दीच्या दगडाखाली सापडून कायमचं ताठ झालेलं, म्हणून सगळी बटणं उरलेल्या चार बोटांच्या सोयीने. प्रत्येक सेटिंग वहीत गेलं. शेवटी मामांनी तिथेच एक रकाना वाढवला आणि त्यावर 'वारस' लिहिलं. 'याच्यापुढचा कॉम्प्युटर बदलायला मी असेनच असं नाही,' म्हणाले आणि माझ्या बायकोचं नाव घातलं. मला हजर व्यक्ती म्हणून सही करायला लावली.

गेल्या महिन्यात शेवटची पोफळ लागली. दोनशे अकरावी. आम्ही गेलो होतो. रोपं अजून गुडघ्याएवढी आहेत, पहिल्या रांगेतली काही कमरेला आलीत. वादळापूर्वीसारखी सावली पडायला किती काळ जाईल ते मामांना आमच्यापेक्षा चांगलं कळतं, त्याबद्दल ते बोलत नाहीत. चहा झाल्यावर ते नव्या कॉम्प्युटरसमोर बसले, खेळ उघडला, वही जवळ घेतली. मला वाटलं झाडं पडताळून बघणार. त्यांनी सेटिंग उघडली. हवामान. मी नकळत भिंतीतल्या पिनेकडे सरकलो.

'राहू द्या, जावईबापू,' ते म्हणाले. 'मंद ठेवतोय. वाऱ्याशिवाय पोफळ पोसत नाही.' ते ताठ बोट बाजूला धरून, दुसऱ्या बोटाने त्यांनी बटण दाबलं. आणि इतकी वर्षं चित्रासारखी उभी असलेली ती वाडी हलायला लागली. आधी माडांचे शेंडे, मग पोफळी, मग दोरी. मामा वहीत लिहायला वाकले. मामी हात पुसत आतून आल्या, त्यांच्या खुर्चीमागे उभ्या राहिल्या आणि बराच वेळ बघत राहिल्या.

'हो,' त्या म्हणाल्या, 'अशीच होती.'