चुन्याखालची घागर

कापूस वावरात कमी आणि भिंतींवर जास्त फुटत होता, ती वर्षं. वलगावकडच्या आमच्या गावात हुसेन पेंटर बियाण्यांच्या जाहिराती रंगवायचा. लहानपणी बापाकडून तो पोळ्याच्या बैलांची शिंगं रंगवायला शिकला होता. लोक विचारत, "हुसेनभाऊ, तुह्या हातचं बोंड आमच्या वावरात काहून नाही येत?" तो मान खाली घालून ब्रश धुवायचा.

मग कापसाच्या बंद पडलेल्या जिनिंग कारखान्याच्या लांब भिंतीवर त्याने गावाचा इतिहास काढायला घेतला. घराघरांतून उरलासुरला तेलरंग मागून आणला. सरपंच खुशालरावांच्या दाराचा निळा त्याने विहिरीच्या पाण्याला दिला.

त्या विहिरीवरच बिनसलं. काठावर पागोटेवाला पाटील पाठमोरा उभा होता. विहिरीपासून दूर, रिकामी घागर घेऊन, कुणी पाणी ओतेल म्हणून थांबलेली बाई. ती बौद्ध वस्तीतल्या मनकर्णाबाईची आई. पाटील कोणाचा आजा, हे सगळ्यांनी ओळखलं.

खुशालराव चार माणसं घेऊन आले. "गावाची बदनामी करून राहिला? त्या बाईवर चुना मार. नाहीतं भिंत पाडतो."

हुसेनने चुना मारला. मनकर्णाबाई पाहत उभी होती. "तूबी त्याइचाच निंगाला," म्हणाली आणि थुंकली.

तेलरंगावर चुना धरत नाही. रंगाऱ्याला ते ठाऊक असतं, सरपंचाला नसतं. श्रावणात पापुद्रे सुटले. आधी घागर दिसली, मग हात, मग चेहरा.

खुशालराव भिंतीपाशी सगळ्यांसमोर ओरडले, "मले बनवतं?"

"चुना मार म्हनलं, मारला."

"आता तेलरंग फास!"

हुसेनने ब्रश त्यांच्यापुढे धरला. "तुमीच फासा, भाऊ. चित्रात नाव कोनाचंच नाही. जो रंग फासन, त्याचा हा आजा."

गर्दीत कोणीतरी खोकलं. खुशालरावांनी ब्रश हिसकावला, नालीत फेकला आणि निघून गेले.

त्या पोळ्याला एकही बैल हुसेनच्या दारी शिंगं रंगवायला आला नाही. जाहिरातींचं काम दुसऱ्याला गेलं. आता तो परतवाड्याला जाऊन जीपगाड्यांवर नंबर घालतो. सकाळच्या एसटीत गावचे लोक त्याला पाहून आपल्या बाजूच्या रिकाम्या सीटवर पिशवी ठेवतात.

एका सकाळी मनकर्णाबाई पदर ओला करून भिंत पुसत होती. मागे न पाहता म्हणाली, "मायच्या पायाले अजून चुना हाय, हुसेन."

"घासू नको, बाई. त्याचा तो निंगते."

एसटीचा हॉर्न वाजला. तो धावला नाही.