लॉर्डसाहेबांचा माळी

इंटरव्ह्यूत मला डेटाबेसबद्दल तीन प्रश्न विचारले आणि लेगस्पिनबद्दल सात. तेव्हाच मनात पाल चुकचुकायला हवी होती. कसली चुकचुकते! पुण्यात ऑफिसच्या काचेच्या खोलीत बसून, स्क्रीनवरच्या गोऱ्या साहेबाला मी हातातल्या संत्र्यावर गुगलीची पकड दाखवत होतो आणि मनात म्हणत होतो, काय भारी माणूस आहे, अगदी आपल्यातला.

तो साहेब म्हणजे आमच्या कंपनीचा डायरेक्टर. मूळचा इंग्लंडमधल्या कुठल्याशा खेड्यातला, पण तीस वर्षं नेदरलँड्समध्ये मुरलेला. उइटहॉर्नच्या पुढे, कालव्याच्या काठी गाईंच्या कुरणाला लागून त्याने एक मैदान राखलं होतं आणि एक क्रिकेटचा संघही. संघात चार जण डच, बाकीचे आम्ही सगळे त्याच्याच कंपनीतले. माझी बायको त्याला 'तुझे सरकार' म्हणायची. "सरकारांचा मेसेज आलाय बघ. रविवारी साडेनऊला हजर व्हा."

मी इथे सात वर्षांपूर्वी आलो. बायको आणि मुलगी अडीच वर्षांनी मागून आल्या. माझं परमिट कंपनीशी बांधलेलं. नोकरी गेली तर तीन महिन्यांत दुसरी शोधायची, नाहीतर तिघांनीही गाशा गुंडाळायचा. पाच वर्षं भरली आणि डचची परीक्षा पास झालात की मात्र कायमचं राहता येतं, मग कुणाच्या बापाची भीती नाही. माझी पाच वर्षं केव्हाच भरली होती. परीक्षा तेवढी राहिली. कारण डचचा क्लास मंगळवारी आणि गुरुवारी संध्याकाळी, आणि आमची नेट प्रॅक्टिसही मंगळवारी आणि गुरुवारी संध्याकाळी.

सांगायचं होतं की साहेबाला, असं तुम्ही म्हणाल. हो, सांगायचं होतं! आमचा डच विकेटकीपर ऐन महत्त्वाच्या सामन्याआधी "रविवारी येणार नाही, बहिणीचा वाढदिवस आहे" असं तोंडावर सांगून मोकळा होतो आणि आभाळ कोसळत नाही. माझ्या तोंडून साहेबासमोर 'नाही' निघतच नाही. 'बघतो' निघतं, 'ट्राय करतो' निघतं, आणि शेवटी 'येतो' निघतं. आमच्या संघातल्या सगळ्या देशी मंडळींचं हेच. एकालाही परीक्षा जमली नव्हती आणि त्यावर आम्ही ड्रेसिंग रूममध्ये हसायचोसुद्धा.

बायकोने मात्र नोकरी, स्वयंपाक, मुलीची शाळा सगळं सांभाळून ती परीक्षा दिली आणि पास झाली. तिची पाच वर्षं पुढच्या मार्चमध्ये भरणार होती. तिला कायमचं मिळालं की तिच्या आधाराने आमचंही निभावणार होतं. "मार्चपर्यंत सरकारांना खूश ठेव," ती म्हणायची. "मग त्यांचे स्टंप उपटून कालव्यात फेक हवं तर."

जूनमध्ये साहेबाने मला एक काम दिलं. क्लबच्या जेवणाला दहा मिनिटं बोलायचं, विषय इंग्लंडच्या खेड्यापाड्यांतले परगण्यांचे, म्हणजे काउंटींचे, पहिले संघ. त्याने स्वतःच्या कपाटातली चार जाडजूड पुस्तकं माझ्या हातात ठेवली. मी ती डीमनमधल्या आमच्या ऑफिसला येता-जाता ट्राममध्ये वाचायला लागलो.

सुरुवातीला मजा वाटली. स्टंप दोनच, बॅट हॉकीच्या काठीसारखी वाकडी, बोलिंग खालून. धावा लिहायच्या नाहीत, काठीवर सुरीने खाचा पाडायच्या, दहावी खाच जरा खोल. केंट, ससेक्स, सरे ही नावं आपण टीव्हीवर ऐकतो तेव्हा वाटतं, केवढ्या मोठ्या संस्था असतील. कसल्या संस्था! चार-दोन हौशी जमीनदार, त्यांची एकमेकांवर कुरघोडी, आणि त्यांच्या हाताखालचे लोहार, चांभार, धनगर. एखाद्या गावात चांगला बोलर दिसला की लॉर्डसाहेब त्याला आपल्या इस्टेटीवर कामाला ठेवायचे. कागदावर माळी, खरं काम बोलिंग. राहायला इस्टेटीवरच घर.

असा एक माळी मला जुन्या स्कोअरकार्डांवर सापडला. चार उन्हाळे त्याचं नाव होतं. पाचव्या उन्हाळ्यात त्याच लॉर्डच्या संघात दुसराच बोलर होता, तोही माळीच. पहिल्याचं पुढे काय झालं, त्याचं घर, बायकोपोरं, एक अक्षर कुठे नाही. मी चारही पुस्तकं उलटीपालटी केली. मग ट्राममध्ये बसल्याबसल्या मी पुस्तक मिटलं आणि उजवा खांदा चाचपला. त्याच महिन्यात तो दुखायला लागला होता.

खांद्याचं मी कुणालाच सांगितलं नाही. बायकोलाही नाही. ऑफिसच्या बाथरूममध्ये मलम चोळायचो आणि वासाबद्दल कुणी विचारलं तर सर्दी म्हणायचो.

जुलैत नाशिकचा एक जण कंपनीत रुजू झाला. तिशीचा, नुकतं लग्न झालेला, अदबशीर. पहिल्याच दिवशी "दादा, तुमच्याबद्दल खूप ऐकलंय" म्हणाला. काम तेच, माझंच, डेटाबेसचं. मी विचारलं, "खेळतोस का?" तर म्हणाला, "हो, लेगस्पिन टाकतो." बोंबला!

आठवड्याभरात मॅनेजरने मला त्याला केटी द्यायला सांगितलं. केटी म्हणजे आपलं सगळं काम दुसऱ्याला समजावून द्यायचं. आमच्या धंद्यात हा शब्द कानावर आला की माणसं मुकाट्याने आपला सीव्ही उघडतात. मैदानावर साहेबाने तेच दुसऱ्या शब्दांत सांगितलं. "कालव्याच्या बाजूने वारा येतो तेव्हा तू चेंडू कसा सोडतोस ते दाखव ना त्याला." मी दाखवलं. पोरगं गुणी होतं, दोन संध्याकाळींत शिकलं. मला त्याचा इतका राग आला की माझी मलाच लाज वाटली. त्याचं काय चुकलं होतं? घरी बायकोने विचारलं, "केटी चालू झालीय का रे?" मी म्हटलं, "छे, नवीन आहे, जरा मदत करतोय."  

ऑगस्टमध्ये क्लबचं जेवण झालं. मी बोललो. माळ्याच्या गोष्टीला सगळे हसले, साहेब सगळ्यांत मोठ्याने. नंतर हातात ग्लास घेऊन माझ्यापाशी आला. "मग त्या माळ्याचं पुढे काय झालं?"

"पुस्तकांत सापडलं नाही," मी म्हटलं.

"हं," तो म्हणाला. "लिहिण्यासारखं काही नसेल." आणि चीजच्या थाळीकडे वळला.

सप्टेंबरच्या पहिल्या रविवारी मी तीन ओव्हर टाकल्या. तिसऱ्या ओव्हरमध्ये खांद्यात अशी कळ गेली की चेंडू दोन टप्पे खात गेला. साहेब मिड-ऑफवरून चालत आला, अगदी प्रेमाने माझ्या हातातून चेंडू घेतला आणि नाशिककराच्या हातात दिला. मी "थँक यू" म्हणालो. कशाबद्दल, ते देवाला ठाऊक.

बुधवारी सकाळी अकराला मीटिंग होती. एचआरच्या बाई, साहेब आणि मी. बाईंनी नीट, सावकाश सांगितलं: टीमची फेररचना, माझी जागा राहत नाही, महिनाअखेर शेवटचा दिवस, त्यानंतर कायद्याने तीन महिने. मी बोटांवर मोजलं. डिसेंबर. मार्च काही येत नव्हता. साहेब खरोखर वाईट वाटल्यासारखा बसला होता, आणि वाटतही असेल, तो काही राक्षस नव्हता. बाई बाहेर गेल्यावर त्याने विचारलं, खांदा कसा आहे. मग आणखी एक गोष्ट विचारली.

घरी आलो तेव्हा बायको घरूनच काम करत होती. भरदुपारी मला दारात बघून तिने लॅपटॉप मिटला. मी सगळं सांगितलं, खांद्यासकट. ती रडली नाही, ओरडली नाही. मुलीच्या शाळेचं वर्ष कधी संपतं, इतकंच पुटपुटली. मग म्हणाली, "सरकार काही बोलले?"

"खांद्याचं विचारलं."

"अजून?"

"रविवारी शेवटची मॅच आहे, दोघं जण कमी पडतायत. नुसतं फिल्डिंगला उभा राहशील का म्हणाले."

ती माझ्याकडे बघत राहिली. "आणि तू काय म्हणालास?"

मी बूट काढायला खाली वाकलो. "येतो म्हणालो."