एकवीस दिवसांची सुई

माझं तोंड फटकळ आहे, हे नाशिकच्या पेठ रोडवर कुणालाही विचारा. औषधांचं दुकान चालवायचं तर ते लागतं. गोड बोलत बसलं की लोक डॉक्टरकडे जायचं सोडून माझ्याच काउंटरवर जीभ बाहेर काढून उभे राहतात.

आमच्या दुकानासमोर सकाळी मजुरांचा नाका भरतो. पेठ-सुरगाण्याकडची माणसं दिवाळीनंतर भाताची कामं उरकून येतात आणि शिमग्यापर्यंत द्राक्षबागांत राबतात. त्यांची औषध मागायची एक पद्धत आहे. आजार सांगायचा नाही, आकडा सांगायचा. "दोन द्या." मी ओरडायचे, "अहो, कोर्स असतो त्याचा! दोन गोळ्यांनी काय देव पावणारे का?" आणि ओरडता ओरडताच कात्री घेऊन पाकीट कापायचे. चिठ्ठीशिवाय अँटिबायोटिक देऊ नये, हे मला पाठ आहे. तशी पाटीही दुकानात आहे, मीच लावलीय. पण सगळेच कापतात. मी नाही कापलं तर पुढच्या चौकातला कापणार, आणि तो ओरडणारही नाही. अशी माझी मी समजूत घालून ठेवली होती.

ती बाई पहिल्यांदा आली ती डिसेंबरात, थंडी चांगलीच पडली होती. सोबत अकरा वर्षांची मुलगी. बाई दिंडोरीकडच्या एका बागेत द्राक्षांचे मणी विरळ करायला जायची. मुलगीही बरोबर जायची, कारण मागे ठेवायची कुणाकडे? नवरा दोन वर्षांपूर्वी गेला होता. "ताई, पोरीचा घसा लय दुखतो. ताप बी हाय. दोन दिवसाच्या द्या, बास." मी दोन दिवसांच्या कापून दिल्या. घसा बरा झाला. महिन्याभरात पुन्हा आल्या. पुन्हा दोन दिवसांच्या. असं त्या हिवाळ्यात तीन वेळा झालं.

मुलगी भारी बडबडी होती. पायरीवर बसून खोक्यांवरची नावं अडखळत वाचायची आणि एकेकाचं विचारायची, "ही कशावर?" मला 'मेडिकलवाली आजी' म्हणायची. मी म्हणायचे, "आजी कुणाला म्हणतेस गं? केस पांढरे झालेत, दात शाबूत आहेत, चावीन!" ती खिदळायची. एकदा तिनेच मला सांगितलं, त्यांच्या बागेतली द्राक्षं परदेशात विमानानं नाही, बोटीनं जातात, आणि जायच्या आधी त्यांची तपासणी होते. फवारणीच्या औषधाचा अंश जरी सापडला तरी माल परत. पोरीला ते फार नवलाचं वाटायचं. घड तपासायला माणूस गाडी घेऊन येतो म्हणे. मी तेव्हा हसून सोडून दिलं. आता ते आठवलं की अंगाची लाही लाही होते. तिचा घसा कुणी तपासला? मीसुद्धा "आ कर" म्हटलं नव्हतं.

शिमग्याच्या आसपास बाई पोरीच्या गुडघ्याला चोळायला बाम घेऊन गेली. चार दिवसांनी म्हणाली, "आता त्यो गुडघा बरा हाय, दुसरा धरला. मनगट बी." मी म्हटलं, "पोर वाढीला लागलीय, हाडं दुखणारच." काय शहाणी मी! दुखणं एका सांध्यातून दुसऱ्या सांध्यात फिरायला लागलं की काय समजायचं, हे कॉलेजात एका ओळीत शिकवलं होतं. ती ओळ परीक्षेनंतर मी विसरून गेले.

उन्हाळ्यात बाईला बांधकामावर काम मिळालं, म्हणून त्या गावी गेल्या नाहीत. एक दिवस मुलगी समोरून रस्ता ओलांडून आली आणि पायरीवर मटकन बसली. तेवढं अंतर चालून तिला धाप लागली होती. फ्रॉकखाली छाती उडताना दिसत होती. मी त्याच दिवशी रिक्षा करून दोघींना मोठ्या सरकारी दवाखान्यात पाठवलं.

आठवड्याने बाई कागद घेऊन आली. तो मी तिथेच उभी राहून वाचला. घशातल्या साध्या जंतूने आधी सांधे धरले होते आणि मग हृदयाची झडप. झडप गळत होती. ती पुन्हा जशी होती तशी होणार नव्हती. पण घसा पुन्हा बिघडला नाही तर आहे त्यावर पोर मोठी झाली असती. त्यासाठी पेनिसिलिनचं एक इंजेक्शन लिहिलं होतं, दर एकवीस दिवसांनी, निदान दहा वर्षं. चुकवायचं नाही, असं खाली दोन रेघा मारून लिहिलं होतं.

"त्यांनी विचारलं, घसा दुखायचा का आदी," बाई म्हणाली. "म्या सांगितलं, व्हय, पन ताई गोळ्या देत व्हत्या."

दुकानात गिऱ्हाईक होतं, मी त्याला जा म्हटलं. बाईला स्टुलावर बसवलं आणि सगळं सांगितलं. त्या गोळ्या दहा दिवस घ्यायच्या असतात. मी दोन दिवसांच्या दिल्या. माझी चूक झाली, बाई. तीनदा झाली. मला वाटलं, आता ही मला शिव्या देईल. देऊ दे, असंही वाटलं. ती उलट माझीच समजूत घालायला लागली. "तुमी काय करनार ताई? दोन दिवसाच्या मीच मागितल्या ना." मला ते ऐकवेना. उठून मी मागच्या मोरीत जाऊन तोंडावर पाणी मारून आले.

पहिली तीन इंजेक्शनं दवाखान्यातच मिळाली. चौथ्याच्या आधी साठा संपला, पुढचं बाहेरून आणायला सांगितलं. आणते की, औषधवाली मी! पण होलसेलवाला फोनवर हसला. "मॅडम, ते कोण ठेवतं आता? त्यात काही सुटत नाही." चार ठिकाणी फिरले, दोघांशी भांडले, तेव्हा कुठे बाटल्या हाती लागल्या. मी आपली विजयी मुद्रेने दुकानात आले. औषध मिळवणं हाच अवघड भाग, असं मला वाटत होतं.

जून उजाडला होता आणि बाईची गावाकडे भाताच्या आवणीला, रोपं लावायला, जायची घाई चालली होती. इंजेक्शनची तारीख दोन दिवसांवर आली होती. म्हटलं, दवाखान्यात एक दिवस मोडण्यापेक्षा आमच्या गल्लीतल्या डॉक्टरांकडून टोचून घेऊ. हे डॉक्टर सर्दी झाली तरी कमरेत सुई देतात. लोकांनाही सुई घेतल्याशिवाय बरं वाटत नाही. मुलीला घेऊन आम्ही गेलो. डॉक्टरांनी बाटली हातात घेतली, नाव वाचलं आणि टेबलावर ठेवून दिली.

"हे मी देत नाही, वहिनी."

"का?"

"रिअ‍ॅक्शन आली तर? माझ्या एका मित्राकडे पेशंट गेला होता याने. लोकांनी दवाखाना फोडला त्याचा."

"आधी थेंबभर टोचून बघा ना कातडीत. तिला तीनदा दिलंय, काही झालं नाही."

"चौथ्यांदा होऊ शकतं."

माझं डोकं सणकलं. "म्हणजे तुमच्या टेबलावर काही व्हायला नको. इथून बाहेर पडून तिचं काहीही होऊ दे, असंच ना?"

ते चिडले नाहीत. चिडले असते तर बरं झालं असतं. चष्मा काढून पुसत म्हणाले, "वहिनी, बाहेरच्या देशात हा आजार डॉक्टरांना पुस्तकातच बघायला मिळतो. तिकडे घसा दुखला की तपासतात, दहा दिवस गोळ्या देतात, विषय संपला. आपल्याकडे मी रोज गळक्या झडपा ऐकतो. मला वाईट वाटत नाही का? पण माझ्याकडे ना ऑक्सिजन, ना नर्स." खरंच नव्हतं त्यांच्याकडे. एक खाट आणि एक पंखा. मुलगी सगळ्यांच्या तोंडाकडे बघत होती. "आजी, मला नाय भ्या वाटत सुईचं," ती म्हणाली. तिला वाटलं, तिच्या भीतीवरून आमचं भांडण चाललंय.

घरी येऊन मी आरशासमोर उभी राहिले. सासूबाईंना मी सात वर्षं इन्सुलिन टोचलं होतं. मला जमलं असतं. पण हे औषध खोल स्नायूत द्यायचं, आणि रिअ‍ॅक्शन आलीच तर माझ्याही घरात खाट आणि पंखाच होता. डॉक्टरांना जे बोलले ते सगळं माझ्यावरच उलटलं. माझी हिंमत झाली नाही.

शेवटी बाईने एक खाडा करून, आणलेली बाटली नेऊन, ते इंजेक्शन मोठ्या दवाखान्यातच टोचून घेतलं. गावाला निघताना मी तिला पुढच्या तीन बाटल्या दिल्या, ओल्या कापडात गुंडाळून, डब्यात घालून. कागदावर मोठ्या अक्षरांत तीन तारखा लिहिल्या. "गावाजवळच्या सरकारी केंद्रात जायचं. हा कागद दाखवायचा. आणि फोन करायचा मला, कळलं? नाहीतर बघ!" मुलगी म्हणाली, "मी करीन फोन." बसपर्यंत मी सोडायला गेले नाही, दुकान होतं.

पहिल्या तारखेला फोन आला. मुलीने लावला होता, पण बोलली तिथली नर्स. आवाजावरून तरुण वाटली. "मॅडम, डॉक्टर ट्रेनिंगला गेलेत. मी एकटी हे देऊ शकत नाही. काही झालं तर इथे गाडी यायला दोन तास लागतात. ज्यांनी लिहिलंय त्यांच्याकडूनच घ्या." मी तिला काय काय नाही म्हटलं! आता लाज वाटते. ती नर्स बिचारी रडकुंडीला आली होती. त्या केंद्रात ती खरंच एकटी होती.

मग फोनवरच बाईला म्हटलं, "तू तिला घेऊन नाशिकला ये."

"आवनी टाकून कशी येऊ ताई? आता पानी हाय. रोप म्हातारं झालं तर वरीसभर काय खायाचं? चार दिवसांनी येते."

"मग मी येते. रविवारी गाडी काढून येते आणि तिला घेऊन जाते."

मी म्हटलं होतं असं. स्पष्ट म्हटलं होतं. रविवारी धो धो कोसळत होता, आमच्या यांनी घाटात गाडी घालायला साफ नकार दिला, आणि मी फार ताणलं नाही. पुढच्या रविवारी घरी पाहुणे होते. मधे दोनदा फोन लावला, तो बंद. डोंगरात रेंज नसते, पावसात तर नाहीच. मी स्वतःला सांगत राहिले, आली असेल चार दिवसांनी, परस्पर दवाखान्यात जाऊन गेली असेल. दुसरी तारीख गेली. तिसरी गेली.

पोळा झाल्यावर बाई आली. दुपारची वेळ, दुकानात कुणी नव्हतं. एकटीच होती. मी काउंटरमागून पायरीकडे पाहिलं, मग रस्त्याकडे. तिला विचारायचं धाडस होईना. तिनेच सांगितलं, कोरड्या आवाजात. आवणी उरकता उरकता पोरीला पुन्हा घसा आणि ताप आला होता. मग पाय सुजले. आडवं झोपता येईना, भिंतीला टेकून बसायची. डोलीत घालून रस्त्यावर आणली, गाडी मिळेपर्यंत ऊन कललं. मोठ्या दवाखान्यात दोन दिवस होती.

"आजीला फोन करा म्हनत व्हती," बाई म्हणाली. "पन चार्जिंग नव्हतं."

मी तिचा हात धरला. मला मोठ्याने ओरडायचं होतं, पण कुणावर? डॉक्टरांवर, त्या नर्सवर, पावसावर? आणि मी? मी तर घाटही चढले नव्हते.

बाईने पिशवीतून डबा काढला. झाकण उघडलं. कापड धुऊन वाळवलेलं होतं आणि त्यात तीनही बाटल्या तशाच होत्या, सील न फोडलेल्या.

"जपून ठेवल्या व्हत्या ताई, चुलीपासून लांब. दुसऱ्या कोनाच्या पोरीला लागल्या तर द्या."

एकदा दुकानाबाहेर गेलेलं इंजेक्शन परत घेऊन दुसऱ्याला देता येत नाही. कुठे, कसं राहिलं असेल, कोण सांगणार? नियम आहे तसा, आणि तो बरोबर आहे. ती गेल्यावर त्या मला टाकूनच द्याव्या लागणार होत्या.

"देते," मी म्हटलं.