नामंजुरीचा हुकूम वदवून घेणारे वकील

धुळ्याच्या कोर्टात माझ्या शेजारी बसणाऱ्या एका वकिलांचा मी आयुष्यभर हेवा केला. आजवर हे कुणाला बोललो नाही. खटले मी जास्त जिंकत असे, गर्दी मात्र त्यांच्याभोवती. सरकारी नामंजुरीचा हुकूम कुणी आणला की ते तो अहिराणीत समजावत आणि विड्याचं पान लावत विचारत, "आते तू माले सांग, सायेबनी काय लिखेल शे?" त्यानं सांगितल्यावरच दावा लिहायला घेत.

एकदा पांझरा नदीच्या पाटाचं पाणी नाकारणारा हुकूम त्यांनी कोर्टातून रद्द करून आणला. तरी मामलेदारानं पाणी सोडलं नाही, म्हणून त्यांनी कोर्टाच्या बेअदबीचा अर्ज केला. मामलेदारातर्फे मी लांबलचक माफीनामा घेऊन उभा राहिलो. ते आपल्या म्हाताऱ्या पक्षकाराकडे वळले.

"आबा, माफी जोयजे का पानी?"

"पानी. ऊस सुकी ऱ्हायना."

"मग माफी राहू द्या, साहेब," ते न्यायाधीशांना म्हणाले. कोर्टानं त्याच दिवशी पाणी सोडायला लावलं.

त्या आठवड्यात मीही एका शेतकऱ्याला हुकूम समजावला आणि विचारलं, "आते तू सांग."

तो उठून उभा राहिला. हात जोडून म्हणाला, "मन्हं काय चुकनं, सायेब?"