आत्याच्या चेहऱ्यावरची सावली

हे मी नवऱ्याला सांगितलेलं नाही, वडिलांना तर नाहीच. तुम्हाला सांगतेय — का, ते मलाही नीट कळत नाही.

साताऱ्यात मी चित्रकला शिकवते. माणूस काढायचा तर आधी उजेड कुठून येतोय ते बघा, असं मुलांना सांगते. रेषेनं नुसता आकार येतो. सावली पडली की हाडामासाचं माणूस समोर बसतं. हे मी सांगलीत शिकले. आणि तिथंच —

थांबा, आधी आत्याबद्दल सांगते. आम्ही कुंडलचे, ऊसवाले. वडिलांची थोरली बहीण नवरा गेल्यावर सांगलीत एका मंगल कार्यालयात भांडी घासायची. मी सांगलीतच वसतिगृहात राहून चित्रकला शिकत होते. तिच्या खोलीवर जायचं टाळायचे. माझ्या मैत्रिणी डॉक्टर-वकिलांच्या मुली. मी बागाईतदाराची लेक, एवढंच त्यांना ठाऊक होतं.

एका सकाळी सरांनी चित्रासाठी बसायला एक बाई बोलावली. दारातून आत्या आत आली. मला बघून तिचा चेहरा फुलला. "आगं —" एवढंच म्हणाली. मी मान खाली घातली आणि कोळशाच्या कांडीला टोक काढत बसले. तिला कळलं. इतक्या लवकर कसं कळलं असेल?

ती स्टुलावर बसली. खिडकीतून स्वच्छ ऊन तिच्या तोंडावर येत होतं. आमचं नाक एकच, हनुवटीही तीच. कुणाच्या ते लक्षात आलं असतं तर? म्हणून मी — हो, म्हणूनच — तिचा चेहरा काळा केला. हात काढले, मान काढली, पदराच्या चुण्या काढल्या; चेहरा मात्र कोळशानं भरून टाकला. सरांना ते फार आवडलं. "धाडस आहे," म्हणाले.

मधल्या सुट्टीत आत्या सगळ्यांची चित्रं बघत फिरली. माझ्यापाशी थांबली.

"बाई, माझं तोंड कुटं हाय?"

बाई. लहानपणी जिला तिनं न्हाऊ-माखू घातलं, तिला.

"उजेड कमी होता," मी म्हणाले.

तिनं एकवार खिडकीकडं पाहिलं आणि परत जाऊन बसली.

त्या हिवाळ्यात ती बऱ्याचदा आली. एकदाही ओळख दाखवली नाही. संक्रांतीला कुंडलला आली, तेव्हा वडिलांनी विचारलं, "सांगलीत गाठ पडती का गं तुमची?" मी भाकरी मोडत राहिले. आत्याच म्हणाली, "तिला लय अब्यास असतुय. कशाला तरास द्यायचा?"

माफी मागायला पुढं कितीतरी वर्षं होती. मागितली नाही. गेल्या वर्षी ती गेली. वडील म्हणाले, "तू एवढी चित्रं काढतीस, तिचं एक काढ की." कागद घेऊन बसले. हात आठवले, पदर आठवला. चेहरा येईना — अख्खा हिवाळा तो समोर होता, मी पाहिलाच नव्हता. शेवटी कुणाच्या तरी लग्नातला फोटो मोठा करून आणला. भिंतीवर तोच आहे, जरा धूसर.

माझं ते कोळशाचं चित्र आता वर्गात लावलंय. मुलं विचारतात, मॅडम, चेहरा असा का ठेवलात? मी सांगते, कष्टाला चेहरा नसतो, म्हणून.

मुलांना ते पटतं.